चिमण्यांच्या वाटीचा सूर

मित्रांनो, मी काठाला टवका उडालेली एक जुनी चिनी मातीची वाटी आहे. पूर्वी माझ्यात लोणचं असे. टवका उडाला आणि फळीवरून मी थेट अंगणात आले. पण बाळकुमच्या सुमतीबाईंनी मला फेकलं नाही. तुळशीशेजारच्या कट्ट्यावर त्या मला रोज पाण्याने भरून ठेवत. त्यांचं व्रतच होतं, चिमणी पाणी पिऊन गेल्याशिवाय तोंडात घास घालायचा नाही.

चिमणीची चोच काठाला लागली की मी ‘टिंग’ वाजे. सुमतीबाईंचे यजमान त्र्यंबकराव तेवढ्यासाठी हातातला चहा थांबवत. ते चित्रपटांना संगीत देत. मोठ्या स्टुडिओतल्या नव्हे, चार मित्रांनी जमवाजमव करून काढलेल्या छोट्या चित्रपटांना. वादक दोनच असले तरी पडद्यावरचं माणूस जे बोलत नसे, ते त्यांच्या सुरांतून ऐकू येई.

एके सकाळी, चिमण्या यायच्या आतच, त्यांनी मला उचललं.

“आज ध्वनिमुद्रण आहे गं. चित्रपटात मुलाची वाट बघणारी आई आहे, तिच्या प्रसंगासाठी मला हाच सूर हवाय.”

“न्या की,” सुमतीबाई हळूच म्हणाल्या. “चिमण्यांना करवंटी ठेवते. त्यांना पटली तर बरं, नाहीतर आज मला उपास.”

“चिमण्या झोपायच्या आत वाटी आणतो.”

माजिवड्याच्या एका गोदामात भिंतींना गोधड्या टांगून मुद्रणाची सोय केली होती. चित्रपट काढणारे अण्णा मला बघून हसलेच. “त्र्यंबक, लेका, लोणचं कुठंय?”

सतारीबरोबर मी वाजले. अण्णा म्हणाले, “छान! पण जरा भारदस्त होऊ दे. व्हायोलिनवाले बोलावतो, संध्याकाळी पुन्हा घेऊ.”

त्र्यंबकरावांनी दाराबाहेर कललेलं ऊन पाहिलं. “अण्णा, घरी बायको चिमणीची वाट बघत उपाशी बसली असेल. भारदस्त कसं वाजवू?”

त्यांनी सतार थांबवली. मग एकट्या मलाच काडीने हलकेच छेडलं. टिंग. कितीतरी वेळ काहीच नाही. पुन्हा टिंग. त्या मधल्या शांततेत जणू चित्रपटातली ती आई दाराकडे बघत होती.

अण्णांनी चष्मा पुसला. “झालं. आता घरी पळ बाबा.”

सायकल अंगणात आली तेव्हा करवंटी काठोकाठ भरलेली होती. सुमतीबाई जपमाळ घेऊन बसल्या होत्या. त्यांनी मला भरून कट्ट्यावर ठेवलं. झाडावर चिमण्यांची झोपण्याआधीची किलबिल चालली होती. त्र्यंबकराव चपलाही न काढता उभे राहिले. अखेर एक चिमणी खाली उतरली.

टिंग.

“जेव आता,” ते म्हणाले.

“तुम्ही तरी कुठे जेवलाय?” सुमतीबाई हसल्या.

पुढे कल्याणला तो चित्रपट लागला. त्या प्रसंगाला सारं थिएटर गप्प झालं. अण्णा मला काचेच्या कपाटात ठेवा म्हणून मागेच लागले. “भावोजी, चिमण्या कपाटात कशा शिरणार?” सुमतीबाईंनी विचारलं, आणि मी कट्ट्यावरच राहिले.

देवाच्या कृपेने अजून तिथेच आहे. मित्रांनो, टवका उडालेली वस्तू टाकण्याआधी एकदा बोटाने वाजवून बघा. आणि नाही वाजली, तरी तिच्यात पाणी मावतंच की.