शिंप्याच्या खिडकीतलं संगीत

संगीतकाराचं सगळं काम घराच्या मागच्या खोलीत चाले. भिंतींना जुन्या गाद्या ठोकलेल्या, एक कीबोर्ड, दोन स्पीकर, आणि दार लावलं की जीव गुदमरेल असा उकाडा. पदरमोड करून काढलेले छोटे सिनेमे त्याच्याकडे येत. त्यांना गाणी नको असत, ‘वातावरण’ हवं असे.

एकदा दाढी आला. या दिग्दर्शकाला सगळे दाढीच म्हणत. त्यानं स्वतःच्या वडिलांवर सिनेमा काढला होता. वडील शिवणकाम सोडलेले शिंपी, लेकीकडे राहणारे, भलते गप्पिष्ट. पडद्यावर ते खिडकीशी बसून शीळ घालत सुईत दोरा ओवत होते.

“शीळ काढून टाक,” दाढी म्हणाला. “खालून काहीतरी घुमू दे. माणूस आतून रिकामा झालाय असं वाटलं पाहिजे.”

“झालेत का?”

“सिनेमात झालेत.”

संगीतकारानं शीळ पुसली, खर्जातला एकच सूर लांबवला आणि त्यावर थोडा वारा सोडला. बघता बघता शिंपी जगात एकटा पडला. दाढीचे डोळे भरून आले. बापाचं दुःख त्याला त्या घटकेलाच कळलं होतं.

पहिल्या खेळाला वडील कडक इस्त्री करून आले. “मेलंय कोण?” असं त्यांनी दोनदा मोठ्यानं विचारलं. पण दिवे लागले आणि अनोळखी माणसं त्यांचे हात धरून रडायला लागली. म्हाताऱ्यानं क्षणभर विचार केला, आणि एक लांब उसासा सोडला.

तेव्हापासून ते घरीही उसासे टाकत खिडकीशी बसू लागले. शेजारणी डबे आणू लागल्या.

पंधरा दिवसांनी दाढीची बहीण रिकाम्या डब्यांची पिशवी घेऊन संगीतकाराच्या दारात उभी राहिली.

“तुमच्या त्या घूं-घूंपायी माझी अब्रू गेली! गल्ली म्हणते, लेक बापाला उपाशी ठेवते. अहो, चार वेळा जेवतात ते!”

“ताई, मी फक्त संगीत दिलं.”

“मग परत घ्या.”

संगीतकार ओशाळला. पुढच्या खेळाआधी त्यानं दाढीला न सांगता घूं काढलं आणि शीळ परत घातली. आता पडद्यावर सुईतला दोरा चुकला की लोक खदखदून हसत होते. दाढी मागच्या भिंतीला कपाळ टेकून उभा होता. पण बाहेर एका समीक्षकानं “काय मिश्किल नजर आहे!” म्हणून पाठ थोपटली, तेव्हा तो म्हणाला, “शिळेवर मी पहिल्यापासून ठाम होतो.”

वडील मात्र रुसले. कोणी हात धरला नव्हता. त्यांनी संगीतकाराला कोपऱ्यात घेतलं.

“शीळ झकास आहे, बाळा. पण शेवटी थोडं घूं राहू दे की.”

“थोडं म्हणजे किती?”

“दोन डबे येतील इतकं.”

त्यानं चाळीस सेकंद ठेवलं. डबे पुन्हा येऊ लागताच ताईंच्या ते लक्षात आलं. पण तो आठवडा त्यांचा फार धावपळीचा होता आणि आलेल्या भाज्याही बऱ्या होत्या. ताईंनी रिकामे डबे धुऊन शेजारणींना परत केले.