चौदावी फेरी

"फेरी घालताना तोंड उघडलंस, तर पुन्हा पहिल्यापासून," असं आई बजावायची. मी ते आजवर पाळत आले.

विठ्ठलदादाचं परवा हृदयाचं ऑपरेशन आहे. त्याआधी औदुंबराला एकवीस फेऱ्या घालीन, असा मी त्याला शब्द दिलेला. मागच्या गुरुवारी त्या नौपाड्यातल्या दत्ताच्या देवळात घातल्या. तेव्हा दादाची मुलगी संचिता सोबत होती. ती प्रयोगाचे सिनेमे करते. माझ्या अंगाला सेन्सरचे पट्टे बांधून तिने माझं चालणं टिपून घेतलं. "आत्या, नुसती हालचाल घेणार. चेहरा नाही, साडी नाही," म्हणाली.

आज दुपारी ती लॅपटॉप घेऊन आली. काळ्या पडद्यावर ठिपक्यांचं एक शरीर गोल फिरत होतं. बाई की पुरुष, कळत नव्हतं. मी सवयीने मोजत होते. चौदाव्या फेरीला ते थबकलं, मान वळवून त्याने हात हलवला आणि पुढे निघालं.

"हे मध्येच काय केलं गं त्याने?"

"त्याने कुठे, तूच केलंस. मी विचारलेलं, दमलीस का? तू म्हणालीस, नाही गं. विसरलीस?" ती हसली. "मला तीच जागा आवडते. बाकी कोणीही असू शकतं. तिथे मात्र बघताक्षणी आत्याच."

मला खरंच आठवत नव्हतं. पण तो हात माझाच होता.

"आवडलं नाही का? काढून टाकू?"

"राहू दे. छान केलंयस."

मी पाय धुतले, पदर खोचला. तिला चहा टाकायला सांगितलं आणि देवळाकडे निघाले.