बोडीतला दगड

"हे की," मोनाली वकिलांनी मोठ्यानं वाचलं आणि पेनाचं टोक सहाव्या परिच्छेदावर टेकवलं. खाली कागद कोरा होता. "गावच्या तळ्याचं, बोडीचं, खोलीकरण झालंच नाही, असं आपण म्हणतो, मावशी. पुरावा काय?"

वच्छलानं मांडीवरची पिशवी उगाच सरळ केली. आत कोर्टाची नोटीस होती, नवऱ्याच्या, रत्नपालच्या नावाची. त्याच्या तक्रारीचा तपास बंद करावा, असा पोलिसांचा अहवाल आला होता. हरकत असेल तर तारखेला हजर राहायचं होतं.

"ते तं नाहीत. मी चालन का?"

"मांडता येतं. ऐकायचं की नाही, ते कोर्ट बघेल. ऐकलं तर पुन्हा तपास. नाही तर नागपूरला, हायकोर्टात. पण आधी हा सहावा."

*३. हे की, मूळ तक्रारदार चौदा महिन्यांपूर्वी मयत झाले.*

(अर्जात नाही : त्याला उचलायला गावातून चार माणसं निघाली नाहीत. वच्छलाच्या भावानं फुलचूरहून माणसं आणली, तोवर ऊन डोक्यावर आलं होतं.)

*४. हे की, सदर बोडी सहा फूट खोल केल्याचे दाखवून हजेरीपटावर गावातील मजुरांची नावे लिहिली आहेत.*

(अर्जात नाही : जवळपास प्रत्येक घरातलं एक नाव, आणि त्या घरात न केलेल्या कामाची मजुरी. म्हणून तर.)

*५. हे की, तपासातील मोजणी सप्टेंबरमध्ये, बोडी काठोकाठ भरलेली असताना झाली.*

"दगड हाये," वच्छला म्हणाली.

"कसला?"

"धुण्याचा. बोडीच्या मधात. उन्हाळ्यात पाणी आटते, तशा आमी बाया आत सरकतो. सहा फूट खोदलं असतं, तं थो तिथं राहिला असता का?"

वकिलांनी लिहायला घेतलं. लिहून झाल्यावर म्हणाल्या, "सोमवारी मी स्वतः येते, फोटो काढायला. आणि तुमच्याशिवाय एक बाई हवी. दगड हलला नाही, इतकंच सांगणारी."

दुसऱ्या दिवशी वच्छला बोडीवर पोचली, तशा बायांनी अर्धवट धुतलेले कपडे गोळा केले. धनवंता राहिली. तिच्याकडे चादरी होत्या.

"धनवंताबाई, हा दगड कधीचा?"

"माह्या सासूच्या आधीचा. काऊन?"

"कोर्टात येवढंच सांगशीन का?"

धनवंतानं चादर दगडावर दोनदा आपटली.

"तुहा नवरा जिता होता तवा झोपू नाही देल्लं गावाले. आता तू."

 तरी धनवंतानं चादरीचं एक टोक वच्छलापुढे धरलं. दोघींनी दोन बाजूंनी पीळ दिला. पाणी गळायचं थांबलं, तरी वच्छलानं टोक सोडलं नव्हतं.

"सोड आता," धनवंता म्हणाली. "कधी येते तुही वकीलबाई?"

"सोमवारी."

रविवारी सकाळी वच्छला बादली घेऊन गेली तेव्हा बोडीवर कोणी नव्हतं. दगड काठावर पडला होता, उलटा. त्याची आजवर कुणी न पाहिलेली बाजू पांढुरकी होती, चिखलानं माखलेली. तळात जिथं तो होता तिथं खळगा, आणि खळग्यात गढूळ पाणी. तिथून काठापर्यंत ओला ओरखडा गेला होता. त्याच्या दोन्ही बाजूंना पायाचे खोल ठसे.

तिनं फोन लावला.

"वकीलबाई, सहावा खोडू नका. त्याच्या खाली सातवा लिहा. दगड काढला."

"काढला? कोणी?"

"एकट्यादुकट्याचं काम नोहे."

"नावं सांगा, मावशी. नावं लागतील."

वच्छला ठशांकडे बघत राहिली. वाकून तिनं बादली खाली ठेवली.

"नावं मले माहीत नाही जी," ती म्हणाली. "गावातून चार माणसं निघाली, येवढं लिहा."