नर्मदाबाईंचं मत

चौसष्ट सालची गोष्ट. आमदार रामनाथ राऊतांनी दोनच वर्षांत राजीनामा दिला. कारण काय, तर तारापूरला वीजकेंद्राचं बांधकाम चाललंय आणि इथल्या पोरांना तिथे नोकऱ्या नाहीत, म्हणून निषेध. ठीक आहे. पण निषेध करून हा माणूस पोटनिवडणुकीत त्याच खुर्चीसाठी पुन्हा उभा. परत तिथेच बसायचं होतं तर उठलात कशाला, हे त्यांना कुणी विचारलं नाही. त्यांच्या या तत्त्वापायी बोईसरच्या शाळेतली माझ्या वर्गाची सहामाही परीक्षा बोंबलली आणि मला मतदान केंद्राध्यक्ष करून माकुणसारला धाडलं.

दुपारपर्यंत मी जेरीस आलो होतो. ओळख पटवायला बायकांना नवऱ्याचं नाव विचारावं, तर एक घेईल तर शपथ. कुणी पदर तोंडावर ओढी, कुणी म्हणे, "तुमच्या कागदावर लिवलंय ना, मग इचारता कशाला?" शेवटी मागच्या शेजारणीनं नाव सांगायचं आणि मी मान डोलवायची, अशी सोय लावून रांग पुढे ढकलत होतो.

दोन वाजता नर्मदाबाई आल्या. रामनाथरावांची बायको, लग्नाची. अकरा वर्षांपूर्वी रामनाथरावांनी मुंबईत दुसरा संसार थाटला, तेव्हापासून त्या इथे एकट्या पानमळा सांभाळत होत्या. यंदा मत नवऱ्याच्या विरुद्ध टाकणार, हे त्यांनी साऱ्या गावाला सांगून ठेवलं होतं.

रामनाथरावांचा प्रतिनिधी खंडेराव लगेच उठला. "मास्तर, माजी हरकत हाय. या बाईनं नवऱ्याचं नाव सोता सांगावं. दुसऱ्या कुनी नाय."

त्या नाव घेणार नाहीत, हे त्याला पक्कं ठाऊक होतं. सकाळपासून एवढ्या बाया गेल्या, तेव्हा हा गृहस्थ पान चघळत स्वस्थ बसला होता.

"मग नाव मीच यादीतून वाचतो, त्यांनी हो म्हणावं," मी म्हणालो. तर समोरच्या पक्षाचा प्रतिनिधी बन्सी उठला. "उमेदवाराचं नाव केंद्रात मोठ्यानं घ्यायचं नाय. त्यो परचार झाला." ज्याच्या उमेदवाराला हे मत मिळणार, तोच ते अडवत होता. अशांपुढे आपलं डोकं आपटावं की त्यांचं, मला कळेना.

खरं तर दोघांनाही खाली बसवून बाईंच्या हाती मतपत्रिका द्यायचा अधिकार माझाच होता. पण उद्या वरून लेखी विचारणा आली तर, या धास्तीनं माझी जीभ उचलेना. त्याची लाज मला अजून वाटते.

"मी नाव घेनार नाय," नर्मदाबाई शांतपणे म्हणाल्या. "कदी घेतलं नाय. ते भायेर उबे हायत. त्यांनाच इचारा, मी कोन ती."

उमेदवाराला केंद्रात यायची मुभा असते. बोलावलं. रामनाथराव हात जोडत आत आले. मुंबईच्या बाईही मागोमाग दारापर्यंत आल्या. महिनाभर प्रत्येक सभेत 'वहिनीसाहेब' म्हणून त्यांच्याच गळ्यात हार पडत होते.

"रामनाथराव, या बाई कोण?" मी विचारलं.

त्यांनी दाराकडे पाहिलं, मग खंडेरावाकडे. नर्मदाबाईंकडे मात्र पाहिलं नाही.

"गावातल्याच असतील कुणी," ते म्हणाले. "मी नाही ओळखत."

मला त्या माणसाचा इतका संताप आला की हातातली पेन्सिल मोडली. नर्मदाबाईंनी डोक्यावरचा पदर सारखा केला. आता या रडतील किंवा मागे फिरतील, असं मला वाटलं.

"मग घेते नाव," त्या माझ्याकडे बघत म्हणाल्या. "परक्या मानसाचं नाव घ्यायला कसली लाज? रामनाथ गोविंद राऊत. लिवा."

बन्सीनं आपल्या यादीत त्यांच्या नावापुढे खूण केली. खंडेराव जमिनीकडे बघत खाली बसला. मी नर्मदाबाईंच्या बोटाला शाई लावली आणि मतपत्रिका दिली. मत द्यायच्या आडोशाकडे जायच्या वाटेतच रामनाथराव अजून उभे होते.

"भाऊ, जरा बाजूला व्हा," नर्मदाबाई त्यांना म्हणाल्या आणि पडद्याआड गेल्या.