पोटावरची काळी रेघ

मित्रांनो, कसबा पेठेतल्या एका एक्स-रे क्लिनिकच्या खुंटीवर जो निळा, जडशीळ झगा लटकतो ना, तो मी. मी एक जुना शिशाचा ॲप्रन आहे. आता कामाचा राहिलेलो नाही, पण गोष्ट सांगण्यापुरता अजून शाबूत आहे.

माझं मूळ जमिनीच्या पोटातलं. तिथल्या अंधारात मी किती काळ झोपलो होतो, कोण जाणे. मग कुणीतरी मला उकरलं, भुकटी करून रबरात मळलं, कापडात शिवलं आणि या खोलीत आणलं. इथेही तशीच झोपाळू शांतता. दाराबाहेर लाल दिवा लागायचा, यंत्र क्षणभर हुंकारायचं आणि किरणं यायची. त्यांना ना रंग, ना वास. माणसाच्या मांसातून ती मलमलीतून ऊन यावं तशी पार होतात, हाडाशी अडखळतात आणि माझ्यापाशी बहुतेक थांबतातच. यंत्र थांबलं की ती संपली. खोलीत रेंगाळत नाहीत, अंगात मुरत नाहीत. तशी थोडी किरणं आभाळातून, मातीतूनही सदोदित येत असतात. त्यांनी केलेली बारीकसारीक मोडतोड शरीर गुपचूप दुरुस्त करतं. पण उगाच, पुन्हा पुन्हा अंगावर घेतली, तर एखादी दुरुस्ती चुकण्याची भीती वाढते आणि त्यातून पुढे कर्करोगही होऊ शकतो. पोटातलं बाळ तर फारच कोवळं. माणूस आणि ही किरणं यांच्या मध्ये उभं राहायचं, एवढंच माझं काम.

क्लिनिकची झाडलोट बायडाबाई करायची. तिला टापटिपीचं भारी वेड. संध्याकाळी ती मला खुंटीवरून काढायची, चार घड्या घालायची आणि तळहाताने दाबून कपाटात ठेवायची. लग्नातला शालूसुद्धा कुणी इतका जपत नसेल. मला फार सुख वाटायचं. कपाटात मी पुन्हा जमिनीखालची स्वप्नं बघायचो. कधी आत काहीतरी तटकन उकलायचं, तेही मला स्वप्नातलंच वाटायचं.

एका दुपारी बायडाबाईची लेक शकू हडपसरहून धावतपळत आली. कडेवर चार वर्षांचा साई. घसरगुंडीवरून पडून त्याचा हात टम्म सुजला होता. शेफाली नुकतीच इथे एक्स-रे काढायला लागली होती. तिने आधी शकूला विचारलं, "दिवस गेलेत का?"

"हो. पाचवा महिना आहे."

"मग तुम्ही बाहेर थांबा."

हे ऐकताच साईने आकांत मांडला. आईचा गळा सोडेना.

"अहो ताई, ॲप्रन घालून धरेल की ती," बायडाबाई म्हणाली. तिने मोठ्या दिमाखात मला कपाटातून काढलं. "बघा कसा जपलाय! घडीसुद्धा मोडली नाही."

त्या घडीवर शेफालीची बोटं थबकली. तिने सगळ्यांना बाहेर काढलं, मला टेबलावर पसरलं आणि चक्क माझाच एक्स-रे काढला.

मित्रांनो, मी स्वतःला आतून पहिल्यांदाच पाहिलं. सगळा पांढराशुभ्र, आणि मधोमध आडवी काळी रेघ. शकूने मला घातलं असतं, तर ती रेघ नेमकी बाळावर आली असती.

"मावशी, हा ॲप्रन आहे, पैठणी नाही," शेफाली म्हणाली. "घड्या घालून आतलं शिसं तडकलंय. पोटुशी बाईला मी तसंही आत घेतलं नसतं. पण घेतलं असतं, तर?"

बायडाबाईच्या तोंडचं पाणी पळालं. "मी जपतच होते हो," ती पुटपुटली. मग डोळे पुसून तिने डॉक्टरांचा नवा ॲप्रन चढवला. "चल राजा, आजी धरते तुला." शकू दाराबाहेर गेली. लाल दिवा लागला आणि विझला. साईच्या हाडाला बारीक चीर गेली होती. प्लास्टरमध्ये ती भरून येईल, असं शेफालीने सांगितलं.

माझी मात्र भरून येणार नाही. म्हणून सांगतो मित्रांनो, एखादी वस्तू जपायची असेल तर आधी विचारा, तिला कसं जपायचं असतं. नुसती माया पुरत नाही.

त्या संध्याकाळी बायडाबाईने नवा ॲप्रन जाड दांडीवर सरळ टांगला. मग मला उचललं. सवयीने तिचे हात घडी घालायला वळले आणि मध्येच थांबले. तिने मला अलगद खुंटीवर अडकवलं आणि न दिसणाऱ्या त्या रेघेवरून कितीतरी वेळ हात फिरवत राहिली.