हुकमाचं पाणी

"अरे, बंद कर ते पाणी! गहू पडलाय माझा वावरात!"

सकाळीच कोर्टवालीची हाक आली नि मी हातातला चहा तसाच ठेवून बांधावर पळालो.

कोर्टवाली म्हणजे माझी शेजारीण. चारीच्या अगदी शेवटाला तिचं वावर. तिच्या पाळीचं पाणी वरचे लोक मधेच वळवून घ्यायचे. नवरा गेल्यावर म्हातारी एकटी कोर्टात गेली आणि जिंकलीसुद्धा. हिचं पाणी हिला द्या, असा पाटाच्या साहेबाला हुकूम झाला. साहेब ढिम्म! गहू तहानेनं अर्ध्या दाण्यावर आला, तरी ढिम्म. गावानं मात्र तिच्याशी बोलणं टाकलं. ती गिरणीत शिरली की गप्पा बंद. पाण्यात राहून माशाशी वैर कशाला, म्हणायचे. अरे, पण तिला पाणी होतं कुठं?

शेवटी तिनं अवमानाचा अर्ज टाकला. पुढच्या तारखेपर्यंत हुकूम पाळा, नाहीतर तुरुंगात जाल, असं न्यायाधीशांनी साहेबाला सुनावलं. तारीख आठवड्यावर आली तेव्हा साहेबाला जाग आली. तोवर म्हातारीनं होता तो गहू कापला होता. पेंढ्या वावरात आडव्या, आणि त्या सकाळी पाटकऱ्यानं चारीचं दार पुरतं उघडलेलं.

"काकू, बंद केलं तर माझी नोकरी जाईल," पाटकरी कळवळून म्हणाला. "कोर्टाचा अवमान होतो."

"मेल्या, हुकूम मीच आणलाय की! मीच म्हणते, नको."

"तुम्ही म्हणून कसं चालेल?"

मग काय, पोटरीभर चिखलात आम्ही दोघंच पेंढ्या उचलत होतो. पलीकडच्या बांधावर माणसं उभी राहिली, बघितलं नि निघून गेली. माझं डोकं असं फिरलं! म्हातारी मात्र मान वर करत नव्हती. निम्मं पीक भिजलंच.

तारखेला मी तिच्यासोबत गेलो. साहेबाचा वकील ऐटीत म्हणाला, "आदेशाचं पालन झालेलं आहे."

"बाई, पाणी मिळालं का?" न्यायाधीशांनी विचारलं.

"मिळालं, साहेब." तिनं गाठोडं सोडून एक पेंढी मेजावर ठेवली. ओंब्या काळ्या पडलेल्या आणि दाण्यादाण्याला हिरवा कोंब. "हे बघा. हुकूम उगवलासुद्धा."

न्यायाधीशांनी एक ओंबी उचलून बोटांत चुरून बघितली. मग साहेबाला असं काही झापलं की त्याला पळता भुई थोडी झाली. भरपाई त्याच्याच पगारातून कापायची ठरली.

परत येताना मी खुशीत होतो. "काकू, नाक कापलंत की साहेबाचं!"

"कापलं खरं." गिरणीपुढं बसलेली माणसं आम्हाला बघून गप्प झाली. म्हातारी तशीच पुढं गेली, घराचं कुलूप काढलं नि उंबऱ्यातच थांबली.

"तू ये रे जरा आत," म्हणाली. "जिंकले म्हणून सांगायचंय कुणालातरी. तुला माहीत आहे सगळं, तरी ऐक."

मी आत जाऊन बसलो. तिनं पहिल्यापासून सगळं सांगितलं.