एका नळीची घागर

मी मातीची घागर बोलतेय. रुआंडातल्या एका टेकडीवर, केळीच्या बागांमध्ये माझं आयुष्य गेलं. माझ्यात केळ्याची दारू भरतात. नाक मुरडू नका. आमच्याकडे लग्न असो, बारसं असो की भांडण मिटवायचं असो, तिच्यावाचून काही होत नाही.

मला घडवलं दलदलीकाठच्या एका त्वा जातीच्या बाईनं. ती मला डोक्यावर घेऊन टेकडी चढली आणि टोपलीभर घेवड्याच्या बदल्यात गाक्वाया नावाच्या शेतकऱ्याला देऊन गेली. गाक्वायानं तिला दारूही पाजली, पण वेगळ्या, फुटक्या भोपळ्यातून. आमच्याकडे घागरीत नळी घालून पितात; मला भाजणाऱ्या बाईला माझ्यात नळी घालायची मुभा नव्हती. "रीतच आहे," असं सगळे म्हणाले. रीत म्हटली की माणसांना पुढं विचार करावा लागत नाही, हे मी पहिल्याच दिवशी शिकले.

गाक्वाया तुत्सी, त्याचा शेजारी सेबाहिरे हुतू. दोघांची भाषा एक, देव एक, केळी पिकवायचा खड्डाही एकच, दोघांच्या बांधाला लागून. हिरवे घड त्यात पुरायचे, वर पानं आणि माती टाकायची. चार दिवसांत घड पिवळे. फरक होता तो खिशातल्या ओळखपत्रावर. ते गोऱ्या साहेबांनी छापायला घेतलं. साहेब गेले, आमच्या लोकांनी छापखाना चालूच ठेवला. शाळेत मास्तर 'तुत्सी उभे राहा' म्हणत, आणि मुलांना आपण कोण हे तिथं कळायचं.

दर रविवारी दोघं मित्र माझ्याजवळ बसत. यजमानानं आधी एक घोट घ्यायचा, विष नाही हे दाखवायचं, मग तीच नळी पाहुण्याला द्यायची. एका रविवारी सेबाहिरेनं नळी घेतली नाही.

"काय रे, आज उपास?" गाक्वायानं विचारलं.

"पोट बरं नाही."

"थापा मारू नकोस. आम्ही विष घालतो, असं रेडिओवर ऐकलंस ना?"

"एवढी माणसं सांगतायत, ती काय वेडी आहेत?"

"अरे, तुझ्यासमोर मी आधी प्यालो!"

"तुम्ही लोक आधी उतारा घेता म्हणे."

गाक्वायाला हसू आलं. सेबाहिरे हसला नाही. रेडिओ तेव्हा तुत्सींना झुरळं म्हणत होता, आणि गावातले शहाणेसुरते म्हातारे तो ऐकून माना डोलवत होते.

१९९४च्या एप्रिलमध्ये गाक्वायाला घरातून ओढून नेलं. नेणारे अनोळखी नव्हते, हाका नावानं मारत होते. त्याची पाच वर्षांची मुलगी मुकान्दोली दूरच्या टेकडीवर मावशीकडं होती, म्हणून वाचली. घराचे पत्रे एकानं नेले, दार दुसऱ्यानं. मला सेबाहिरेनं उचललं. त्या संध्याकाळी माझ्यातून प्यालेल्या माणसांच्या हातांना वास येत होता. मी घागर आहे; जे भरतील ते धरते.

पुढं सेबाहिरे तुरुंगात गेला. गवतावर पंचायत बसली, तिथं त्यानं लूट कबूल केली. गाक्वायाला कोणी मारलं, कुठं टाकलं, यावर एकच उत्तर: "गर्दी होती, दिसलं नाही." शिक्षा संपवून तो परत आला. मुकान्दोलीही आली, कॉलेज शिकून. तिला बापाची हाडं हवी होती. गावाला हवा होता समेट.

पंच रुकारा, ऐंशीचा म्हातारा, पुढाकार घेऊन आला. सेबाहिरेनं मला भरून अंगणात ठेवलं. दोघांनी एका नळीनं प्यायचं, की प्रकरण मिटलं. सेबाहिरेनं रीतीप्रमाणं आधी घोट घेतला, नळी पुढं केली.

"यात विष नाही, एवढंच कळलं काका," मुकान्दोली म्हणाली. "माझा बाप कुठंय?"

"पोरी, अठरा वर्षं झाली," रुकारा म्हणाला. "किती उगाळशील? शिकलेल्या पोरींचं हेच, प्रश्न फार."

"आजोबा, तुम्ही प्रश्न कमी विचारलेत म्हणून मला जास्त पडतात."

वातावरण हलकं करायला रुकारानं स्वतःच घोट घेतला आणि तोंड वाकडं केलं. "काय रे सेबाहिरे, ही दारू की व्हिनेगर? जुन्या खड्ड्यातल्या केळ्यांची कशी गोड व्हायची! एवढा छान खड्डा बुजवून तू त्यावर रताळी लावलीस, आणि घरामागं नवा खणलास. तुला रताळ्यांचा एवढा सोस कधीपासून?"

एक-दोघं हसले. मग कोणीच हसेना. रुकाराच्याही लक्षात आलं आपण काय बोललो ते, आणि त्यानं नळी खाली ठेवली.

"खड्डा कधी बुजवलात, काका?" मुकान्दोलीनं विचारलं.

"त्याच एप्रिलात," सेबाहिरे म्हणाला. "मी मारलं नाही. पण मला माती टाकायला सांगितली, मी टाकली."

तिनं भिंतीशी टेकवलेली कुदळ उचलली आणि बांधाकडं निघाली. लोक मागं गेले. पहिल्यांदा वेल निघाले, मग रताळी, मग गाक्वायाचा पट्टा.

हाडं धुवायला पाणी लागलं. माझ्यातली दारू ओतून मुकान्दोलीनं मला झऱ्यावर भरलं. तीन खेपा झाल्या.

आता मी तिच्या घरी असते. दर काही दिवसांनी रुकारा येतो, दारात काठी टेकतो. "हाडं मिळाली, पोरी. आता तरी सेबाहिरेबरोबर एक घोट घेशील?"

"कळवीन," ती म्हणते.

माझी तुम्हां माणसांना एक विनंती आहे. तिला घाई करू नका. मी रिकामी बसायला तयार आहे.